मालमत्ता जप्त झाली म्हणजे ठेव परत मिळाली का? अंतरिम आदेशाने काय होते आणि काय होत नाही

मानोरा : पतसंस्थेच्या शटरला कुलूप लागले की गावात आधी कुजबुज सुरू होते. मग एजंटचा फोन बंद येतो. आणि काही महिन्यांनी व्हॉट्सअॅपवर एक बातमी फिरते, ‘संचालकांची मालमत्ता जप्त, ठेवीदारांना दिलासा’. ती वाचली की लोक कपाटातले पासबुक शोधायला लागतात, ‘आपले कधी येतील हो?’ म्हणून एकमेकांना विचारतात. प्रत्यक्षात त्या दिवशी ठेवीदाराच्या खात्यावर एक रुपयाही येत नाही. कारण तो आदेश अंतरिम असतो, म्हणजे अंतिम निकाल लागेपर्यंत आहे ती स्थिती गोठवून ठेवणारा.

गळक्या टाकीचा विचार करा. अंतरिम आदेश गळती बंद करतो. टाकीत उरलेले पाणी त्यामुळे वाचते, पण जे आधीच वाहून दुसऱ्याच्या वावरात गेले ते आपोआप परत येत नाही. म्हणून आदेश आला की नाही यापेक्षा तो किती लवकर आला, त्यात कोणकोणती मालमत्ता धरली गेली आणि ठेवीदारांच्या यादीत आपले नाव आहे की नाही, या तीन गोष्टींवर पुढचे सगळे ठरते.

मानोरा तालुक्यात हा विषय कोर्टकचेरीपुरता राहत नाही. सोयाबीन, तूर, कापसाचे पैसे वर्षातून एकदाच हातात येतात. तांड्यावरची पोरे कामासाठी पुण्या-मुंबईकडे जातात आणि घरी पैसे पाठवतात. हा पैसा वर्षभर पुरवायचा असतो, लेकीच्या लग्नाला ठेवायचा असतो. बँकेपेक्षा दोन-चार टक्के जास्त व्याज देणारा ओळखीचा एजंट दारात आला की त्यातला काही भाग तिकडे जातो. एजंट बहुतेक वेळा नात्यातला किंवा गावातलाच असतो, त्यामुळे पैसे अडकल्यावरही तक्रार करायला संकोच वाटतो. नेमका तो संकोच महाग पडतो.

जप्ती आधी सरकारची, मग कोर्टाची

महाराष्ट्रात ठेवी बुडवणाऱ्यांसाठी १९९९ चा ठेवीदार हितसंबंध संरक्षण कायदा आहे. पोलीस, वकील आणि आता ठेवीदारही त्याला ‘एमपीआयडी’ म्हणतात. लोक म्हणतात ‘कोर्टाने जप्त केले’, पण या कायद्यात पहिली जप्ती कोर्ट करतच नाही. ती राज्य सरकार करते.

होते असे. ठेवीदार पोलिसांत तक्रार देतात. गुन्हा दाखल होतो, रक्कम मोठी असेल तर तपास आर्थिक गुन्हे शाखेकडे जातो. तपास अधिकारी संस्था, संचालक, प्रवर्तक यांच्या जमिनी, प्लॉट, गाड्या, बँक खाती शोधून यादी करतात. ती यादी प्रस्ताव म्हणून सरकारकडे जाते. संस्थेने ठेवी परत केल्या नाहीत किंवा करण्याची शक्यता नाही, अशी सरकारची खात्री पटली की कलम ४ खाली जप्तीचा आदेश निघतो आणि तो प्रसिद्ध केला जातो. ठेवीच्या पैशातून घेतलेली मालमत्ता दुसऱ्याच्या नावावर असली तरी ती यात धरता येते. तशी मालमत्ता सापडली नाही किंवा पुरी पडत नसेल, तर संचालक, भागीदार, व्यवस्थापक यांची इतर मालमत्ताही धरता येते.

जप्त झालेल्या मालमत्तेचा ताबा ‘सक्षम प्राधिकारी’ या अधिकाऱ्याकडे जातो. हा अधिकारी उपजिल्हाधिकारी दर्जापेक्षा खालचा नसतो. आदेश प्रसिद्ध झाल्यापासून ३० दिवसांच्या आत त्याने नियुक्त न्यायालयात अर्ज करायचा असतो, की ही अंतरिम जप्ती कायम करा. खरी कोर्टाची पायरी ही. कोर्ट संबंधितांना नोटीस काढते. ज्याला वाटते की या मालमत्तेत माझाही हक्क आहे, तो हरकत घेतो. संचालकाची बायको म्हणते प्लॉट माझ्या माहेरच्या पैशाचा, बँक म्हणते आमचे आधीचे गहाण आहे, प्लॉट विकत घेतलेला तिसराच माणूस म्हणतो मी पूर्ण पैसे मोजले. हे सगळे ऐकून कोर्ट जप्ती कायम करते, तिच्यात बदल करते किंवा ती उठवते. त्यानंतर विक्री, आणि आलेल्या पैशाचे ठेवीदारांमध्ये समन्यायी वाटप.

म्हणजे ‘जप्त’ हा शब्द बातमीत आला तेव्हा प्रवास सुरू झालेला असतो, संपलेला नसतो. वर्षे लागतात, हे सांगायला फार अभ्यास लागत नाही. मात्र गुन्हा दाखल होणे आणि सरकारचा आदेश निघणे यातला काळ सगळ्यात धोक्याचा असतो, आणि त्याची चर्चा सगळ्यात कमी होते. या काळात सातबारे फिरतात, गाड्या विकल्या जातात. पोलीस बँक खाती लगेच गोठवू शकतात. जमिनीचे तसे होत नाही. कुठली जमीन कुणाच्या नावावर आहे हे आधी कळावे लागते. इथे गावातला माणूस जेवढे सांगू शकतो तेवढे कागद सांगत नाही. अमक्या गावच्या शिवारात संचालकाच्या मेहुण्याने दोन वर्षांपूर्वी सहा एकर घेतले, हे गावाला माहीत असते, तपास अधिकाऱ्याला नसते. तक्रारीसोबत अशी माहिती लेखी दिली तर तिचा उपयोग होतो. चहाच्या टपरीवर बोलून होत नाही.

या कायद्यात दोषी ठरल्यास सहा वर्षांपर्यंत कैद आणि एक लाखापर्यंत दंड आहे. ठेवीदाराच्या दृष्टीने मात्र शिक्षेपेक्षा जप्ती महत्त्वाची. संचालक जेलमध्ये आणि मालमत्ता गायब, असे झाले तर हाती काही लागत नाही.

‘ही ठेव नव्हती’ हा बचाव

कंपन्यांचा आवडता युक्तिवाद असा, की आम्ही ठेव घेतलीच नाही, तो व्यवहार होता, गुंतवणूक होती, सभासदत्व होते. कायद्याची व्याख्या मात्र मोठी आहे. पैसा किंवा मौल्यवान वस्तू घेतली आणि ती ठरलेल्या मुदतीने किंवा इतर प्रकारे, व्याजासह किंवा व्याजाशिवाय, रोख, वस्तू किंवा सेवेच्या रूपात परत करायची कबुली दिली, तर ती ठेव. बँकांतल्या ठेवींसारखे काही प्रकार तेवढे यातून वगळलेले आहेत.

या व्याख्येची मोठी परीक्षा नॅशनल स्पॉट एक्स्चेंजच्या प्रकरणात झाली. शेतमालाच्या सौद्यांच्या या बाजारात जुलै २०१३ च्या शेवटी पैसे देणे बंद पडले आणि सुमारे १३ हजार गुंतवणूकदारांचे जवळपास ५,६०० कोटी रुपये अडकले. राज्य सरकारने मूळ कंपनी ६३ मून्सची मालमत्ता एमपीआयडीखाली जप्त केली. मुंबई उच्च न्यायालयाने २०१९ मध्ये ती जप्ती रद्द केली. सर्वोच्च न्यायालयाने २२ एप्रिल २०२२ रोजी उच्च न्यायालयाचा निकाल फिरवला आणि एक्स्चेंजने घेतलेला पैसा व माल ‘ठेव’ या व्याख्येत बसतो असे सांगितले. त्याही आधी, २००५ मध्ये, हा संपूर्ण कायदाच उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने घटनाबाह्य ठरवला होता. पुढे सर्वोच्च न्यायालयाने तो वैध ठरवला. आज कुणी ‘तो कायदा कोर्टाने रद्द केलाय’ असे सांगत असेल तर ते जुने झाले.

इथे शेतकऱ्यांनी एक गल्लत टाळायला हवी. व्यापाऱ्याला सोयाबीन उधारीवर विकले आणि तो पळाला, तर ती आपोआप ठेव होत नाही. ती विक्री आहे. तिथे बाजार समितीकडे तक्रार, फसवणुकीचा गुन्हा, दिवाणी दावा हे मार्ग. ‘माल माझ्याकडे ठेवा, चार महिन्यांनी एवढे वाढवून देतो’ असा लेखी वायदा असेल, तर मात्र वकिलाला दाखवून विचारायला हरकत नाही.

२०१९ पासून केंद्राचा अनियंत्रित ठेव योजना बंदी कायदाही आहे. कोणत्याही नियामकाकडे नोंद नसलेली ठेव योजना काढणे हाच त्यात गुन्हा आहे, मग पैसे बुडोत की न बुडोत. त्यातही आधी तात्पुरती जप्ती आणि ३० दिवसांत कोर्टात अर्ज अशीच रचना आहे.

पर्ल्सची पावती अजून घरात असेल तर

अंतरिम आदेश खेड्यापर्यंत कसा पोहोचतो हे पाहायचे तर पीएसीएल, म्हणजे लोकांच्या तोंडी ‘पर्ल्स’, याच्याइतके मोठे उदाहरण नाही. जमीन देतो म्हणून देशभरातून पैसे गोळा केले गेले. ऑगस्ट २०१४ मध्ये सेबीने ४९,१०० कोटी रुपये परत करा असा आदेश दिला. गुंतवणूकदार सुमारे पाच कोटी ८५ लाख. २ फेब्रुवारी २०१६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने माजी सरन्यायाधीश आर. एम. लोढा यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमायला सांगितली, की या समितीने जमिनी विकाव्यात आणि पैसे परत करावेत. आणि २५ जुलै २०१६ रोजी कोर्टाने कंपनी, तिचे संचालक, एजंट, संबंधित कंपन्या यांना देशात किंवा परदेशात असलेली कोणतीही मालमत्ता विकायला, हस्तांतर करायला मनाई केली.

ती मनाई नसती तर समितीच्या हाती विकायला किती उरले असते, याचा अंदाज करणे अवघड नाही. तरी मनाई आदेश आला म्हणून पैसे आले नाहीत. समितीने आधी अडीच हजारांपर्यंतचे दावे घेतले, मग टप्प्याटप्प्याने मर्यादा वाढवली. ज्यांची मोठी रक्कम होती ते सगळ्यात मागे राहिले. आणि ज्यांनी ‘मी पैसे काढून देतो’ म्हणणाऱ्याला मूळ पावती देऊन टाकली, त्यांच्या हातात दाखवायला काही उरले नाही. मूळ प्रमाणपत्र समितीने मागितल्याशिवाय कुणालाही देऊ नका, हे वारंवार सांगावे लागले ते त्यामुळेच.

सहाराचेही तसेच. सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये पैसे परत करायला सांगितले ते दोन कंपन्यांबद्दल. गावोगावच्या लोकांचे पैसे होते ते सहाराच्या चार सहकारी सोसायट्यांत. त्यांच्यासाठी वाट उघडली ती २९ मार्च २०२३ च्या आदेशाने. सेबीकडच्या सहारा खात्यातून ५,००० कोटी रुपये सहकारी संस्थांच्या केंद्रीय निबंधकांकडे वळवले गेले आणि जुलै २०२३ मध्ये परताव्याचे पोर्टल सुरू झाले. सुरुवातीला एका ठेवीदाराला दहा हजारांपर्यंतच रक्कम मिळत होती, २०२४ मध्ये ती मर्यादा ५० हजार झाली.

जळगावच्या बीएचआरने शिकवलेले

जप्ती झाली, प्रशासक आला, म्हणजे आता सगळे सुरक्षित असेही नाही. जळगावची भाईचंद हिराचंद रायसोनी, म्हणजे बीएचआर, ही मल्टिस्टेट पतसंस्था बुडाली. २०१५ मध्ये संचालकांना अटक झाली, संस्थेवर अवसायक नेमला गेला. ठेवीदारांना वाटले आता सरकारी माणूस आहे. नोव्हेंबर २०२० मध्ये पुणे पोलिसांनी नव्या गुन्ह्यात छापे घातले. आरोप असा होता, की अवसायनाच्या काळात संस्थेच्या मालमत्ता कमी भावात दिल्या गेल्या आणि ठेवीदारांच्या पावत्या मूळ रकमेच्या काही टक्क्यांत विकत घेऊन त्या बड्या कर्जदारांच्या कर्जात वळत्या केल्या गेल्या.

म्हणून जप्तीच्या बातमीनंतर ‘तुमची लाखाची पावती मला तीस हजारांत द्या, नाहीतर काहीच मिळणार नाही’ म्हणणारा कुणी भेटला, तर त्याला त्या पावतीची किंमत आपल्यापेक्षा जास्त कळलेली असण्याची शक्यता मोठी. गरजेपोटी कुणी विकत असेल तर त्याला नावे ठेवण्यात अर्थ नाही. पण आधी तालुक्याच्या ठिकाणी एखाद्या वकिलाला विचारून घ्यावे. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे महिला, अनुसूचित जाती-जमाती आणि कमी उत्पन्नाच्या लोकांना मोफत वकील मिळतो.

आणखी एक. बँकेतल्या ठेवीला पाच लाखांपर्यंत विमा आहे, पतसंस्थेच्या ठेवीला तो नाही. मल्टिस्टेट हा शब्द पाटीवर मोठ्या अक्षरात असला तरी नाही.

ग्राहक आयोगाचा आदेश वेगळा

फसवणूक करणारी संस्था अजून चालू आहे, कार्यालय उघडे आहे, फक्त मुदत संपूनही पैसे देत नाही, अशा वेळी जिल्हा ग्राहक आयोग हा मार्ग लक्षात ठेवण्यासारखा आहे. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यात कलम ३८(८) खाली तक्रार चालू असतानाच योग्य तो अंतरिम आदेश देण्याचा अधिकार आयोगाला आहे. अमुक रक्कम आयोगात जमा करा, तमुक मालमत्ता विकू नका, वसुलीची कारवाई थांबवा, अशा स्वरूपाचा आदेश मागता येतो. मागावा मात्र लागतो. मूळ तक्रारीसोबत वेगळा अंतरिम अर्ज आणि शपथपत्र द्यावे लागते, आणि आत्ताच आदेश का हवा हे कागदानिशी दाखवावे लागते. ‘संस्था पैसे देत नाही’ एवढे पुरत नाही. ‘संस्थेने मागच्या महिन्यात दोन शाखा बंद केल्या, कार्यालयाची जागा विक्रीला काढली, ही जाहिरात’ असे असेल तर आयोगाला आदेश द्यायला आधार मिळतो.

संस्थेचे मुख्यालय बीडला असो की पुण्याला, ग्राहक जिथे राहतो तिथल्या आयोगात तक्रार करता येते. म्हणजे मानोरा तालुक्यातल्या माणसाला वाशिमला. भरलेली रक्कम पाच लाखांपर्यंत असेल तर शुल्क नाही. कारण घडल्यापासून दोन वर्षांत तक्रार करायची. ‘सहकारी संस्थेचा वाद आहे, निबंधकाकडे जा’ असे संस्थेचा वकील म्हणेल. सहकार कायद्यात वेगळी सोय असली तरी ग्राहक मंचाचा मार्ग बंद होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २००३ मध्ये थिरुमुरुगन सोसायटीच्या प्रकरणात सांगितले आहे. आयोगाचा आदेश मोडला तर कैद किंवा किमान २५ हजार दंड अथवा दोन्हींची तरतूद आहे.

मर्यादा एवढीच, की एकदा सगळी मालमत्ता एमपीआयडीखाली जप्त झाली की वाटप नियुक्त न्यायालयच करते. मग आयोगाचा आदेश हातात असूनही रांगेतच उभे राहावे लागते. म्हणून आयोगाकडे जायचे ते शटर उघडे असताना.

मोबाइलवरून पैसे गेले तर घड्याळ वेगळे

लिंक, ओटीपी, ‘डिजिटल अरेस्ट’चा व्हिडिओ कॉल, शेअरमध्ये दुप्पट देणारे अॅप, या फसवणुकीत महिने मोजून चालत नाही. १९३० वर फोन केला की पैसे ज्या खात्यात गेले ते किंवा त्यातली तेवढी रक्कम गोठवण्याची हालचाल सुरू होते. एका खात्यातून दुसऱ्या, दुसऱ्यातून तिसऱ्या खात्यात पैसे काही तासांत जातात. रात्री गेले आणि सकाळी पोराला विचारून फोन केला, तर मधल्या वेळेत खाते रिकामे झालेले असू शकते.

गोठवलेली रक्कम बँक स्वतःहून देत नाही. त्यासाठी नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५०३ खाली न्यायदंडाधिकाऱ्याकडे अर्ज करून आदेश घेता येतो. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या याच संहितेत कलम १०७ नवे आहे. गुन्ह्यातून मिळवलेली मालमत्ता जप्त करण्यासाठी तपास अधिकारी पोलीस अधीक्षकांच्या मंजुरीने कोर्टात अर्ज करतो. आधी नोटीस दिली तर मालमत्ता हलवली जाईल असे दिसले, तर कोर्ट समोरच्याला न ऐकताच अंतरिम जप्ती करू शकते. मालमत्ता गुन्ह्यातलीच ठरली तर जिल्हाधिकाऱ्यांनी ती ६० दिवसांत पीडितांमध्ये प्रमाणात वाटायची. कागदावर हे चांगले आहे. अर्ज करण्यासाठी तपास अधिकाऱ्याच्या मागे मात्र लागावे लागते.

बातम्यांतला आणखी एक ‘अंतरिम’ लोकांचा गोंधळ उडवतो. ‘संचालकाला अंतरिम अटकपूर्व जामीन’ असे आले की गावात चर्चा होते, सुटला, सेटिंग झाली. तो आदेश फक्त अटकेपुरता असतो. तपास चालू राहतो, जप्तीही चालू राहते.

यादीत नाव कसे लागते

एका ठेवीदाराने गुन्हा दाखल केला की बाकीच्यांना वेगळा गुन्हा दाखल करायची गरज नसते. त्याच गुन्ह्यात जबाब नोंदवता येतो आणि आपली पावती जोडता येते. पण ‘शेजाऱ्याने केली ना तक्रार’ म्हणून घरी बसले तर आपले नाव तपासाच्या कागदात येत नाही. जबाब देताना पावतीची झेरॉक्स द्यावी, मूळ आपल्याकडे ठेवावी, पोलिसांनी मूळ मागितली तर पंचनाम्याची किंवा पोच घेतल्याची नक्कल घ्यावी. पासबुकात नोंद नसेल आणि एजंटने पिग्मीच्या वहीत सही केली असेल, तर ती वहीही पुरावा आहे. फाटकी असली तरी फेकू नये.

नावाचा घोळ सगळ्यात जास्त अडवतो. सहाराच्या परताव्यासाठी आधारशी जोडलेला मोबाइल आणि आधारशी जोडलेले बँक खाते लागते. पावती लग्नाआधीच्या नावाची, आधार सासरच्या नावाचे, बँक खाते तिसऱ्याच पद्धतीने लिहिलेले, अशी अनेक घरे आहेत. हा फरक दावा करायच्या आधीच शपथपत्र करून किंवा राजपत्रातून मिटवून ठेवावा. ठेवीदार मधल्या काळात वारला असेल तर मृत्यूचा दाखला, नामनिर्देशनाची नोंद आणि गरज पडल्यास वारस प्रमाणपत्र लागते. वारस प्रमाणपत्राला दिवाणी न्यायालयात वेळ जातो, म्हणून वाटपाची नोटीस निघण्याची वाट न पाहता तो अर्ज आधीच टाकलेला बरा.